खिडकीचे गज

जानेफळच्या घरी नव्या खोलीच्या खिडकीला गज बसवायला काल वेल्डर आला. तापल्या लोखंडाचा वास घरभर पसरला आणि मला धाकटा भाऊ आठवला. पुष्कळ वर्षांपूर्वी आखातात कामाला गेल्यावर त्याने फोनवर मजुरांची खोली दाखवली होती. एकावर एक पलंग, दोरीवर ओले शर्ट, दाराशीच गॅस.

"खिडकीले गज हायेत ना?" आईने विचारलं.

"हाव माय, पक्के हायेत."

"मंग मले घोर नाही," म्हणत ती हसली होती.

पुढे त्या इमारतीला आग लागली आणि भाऊ गेला. आग दाराकडून आली, म्हणजे तो खिडकीकडेच धावला असणार. गज खरंच पक्के होते.

काल आई बराच वेळ वेल्डरजवळ उभी होती. मग हळूच म्हणाली, "बाबू, आतून उघडता येईन असं कर."