पेटीतला पुढारी

निवडणुकीत दर्यापूर ते अकोट माह्याच आवाज गाजे. जीपवरचा भोंगा बंद पडला का मात्र तो बायकोलेही ऐकू जात नव्हता. सकाळी एका पक्षासाठी बोंबललो, का दुपारी दुसऱ्यासाठी. दोन्ही पुढाऱ्यायले वाटे, मी त्याहीचाच माणूस.

एकदा यष्टीत दिल्लीहून आलेला एक चष्मेवाला बाजूले बसला. बोटानं हवेत चौकोन काढून म्हणे, "तिथं टेलिव्हिजन आलं. पुढारी पेटीतून घरात बोलते. तोंडही दिसते त्याचं."

मी त्याच्याजवळ सरकलो. दोघंही पुढारी घरात आले, तं मी लपू कुठं?

"भाऊ, पेटीतून त्याले आपण दिसतो का?"

त्यानं तो चौकोन तळहातानं पुसला, मले वरून खाली पाह्यलं.

"समोर उभा राहूनही तो तुले पाह्यत नाही, अन् पेटीतून पाहीन?"