ओठांवर न आणि ण सारखेच

सर्जेरावला सुदर्शनचं तोंड बघवत नव्हतं, आणि सुदर्शनशिवाय त्याला स्टेज मिळत नव्हतं. आता असल्या माणसानं करावं काय? सारी जिंदगी त्याच्या नाटकमंडळीत घातली. हवालदार झाला, पाटलाचा गडी झाला, आंधळा भिकारी झाला, एका नाटकात तर अख्खा अंक तिरडीवर पडून राहिला. बोलायला मात्र एक वाक्य मिळालं नाही.

मूळ भांडण एका अक्षराचं. हा पडेगावचा गडी, वाळूजच्या एका कारखान्यात प्रेस मशीनवर कामाला. तरणा होता तेव्हा हौसेनं मंडळीत गेला. सुदर्शननं त्याचा चेहरा बघितला, आवाज ऐकला आणि म्हाताऱ्या बापाची भूमिका दिली. चांगलं पानभर भाषण होतं. तालमीत सर्जेराव म्हणाला, "पोरा, पानी आन."

सुदर्शननं हात वर केला. "पानी नाही, पाणी. आन नाही, आण. म्हण, ण."

"न," सर्जेराव म्हणाला.

सगळ्यांसमोर संध्याकाळभर हाच तमाशा. पोरी तोंडाला ओढणी लावून हसत होत्या आणि हा घामानं निथळत होता. शेवटी सुदर्शननं ते भाषण आपल्या मेव्हण्याला देऊन टाकलं. त्या मेव्हण्याला स्टेजवर धड उभंही राहता येत नव्हतं, पण ण येत होता ना. सर्जेरावला म्हणाला, "तू नुसता चेहरा सांभाळ. तोंड उघडत नाहीस तोवर तू मोठा नट आहेस."

ही बेइज्जती पुढं सुदर्शन प्रत्येक सत्कारात सांगायचा, तीही कौतुक म्हणून. लोक टाळ्या पिटायचे. सर्जेराव हात जोडायचा आणि मनातल्या मनात त्याच्या सात पिढ्या उद्धरायचा. घरी मालनबाई म्हणायची, "थुका त्या नाटकावर. का म्हून जाता त्याच्या दारात?" हा म्हणायचा, "एकदा बोलू दे. एकदा स्टेजवर तोंड उघडलं, की सोडलं."

पोरांची लग्नं झाली, कारखान्यातून रिटायर झाला, गुडघे बोलायला लागले. हा मुकाच.

गेल्या हिवाळ्यात सुदर्शनला मूकपट काढायची हुक्की आली. काळा-पांढरा, आवाज नाही, मधे मधे अक्षरांच्या पाट्या. मोबाईलवर दिवसभर बडबड ऐकणाऱ्या लोकांना म्हणे शांतता दाखवायची होती. मालकानं हाकलून दिलेला म्हातारा नोकर सर्जेरावला दिला. वर म्हणाला, "हे नीट कर. पुढच्या नाटकात तुला बोलायची भूमिका. शब्द देतो." सर्जेरावला हा माणूस पुरता ठाऊक होता, तरी आशा मोठी वाईट. घरी येऊन तो जेवलाच नाही.

दौलताबाद रोडला एका जुन्या फाटकापुढं शूटिंग लागलं. म्हातारा मालकाच्या पाया पडतो, असा प्रसंग. सुदर्शन कॅमेऱ्याच्या बाजूला उभा. "नुसते ओठ हलव. काहीही बोल, पाटी आपण मागून लावू. तुझा ण इथं कोणाला ऐकू जातोय?" सगळे खिदळले.

सर्जेरावच्या डोक्यात तिडीक गेली. त्यानं डोळ्यांत पाणी आणलं, हात जोडले, आणि सुदर्शनकडं बघत, आवाज न काढता, पोटात साठलेलं सगळं ओठांवर आणलं. सुदर्शननं डोळे पुसले. "वा," म्हणाला, "काय भाव आहे."

सर्जेरावला वाटलं, कोणाला कळतंय. इथंच त्याची अक्कल शेण खायला गेली. अरे, प्रेस मशीनवर दिवसभर धाडधाड चालते. तिथं माणूस बोंबलून मेला तरी शेजारच्याला ऐकू जात नाही. म्हणून तिथली माणसं ओठ वाचतात. चहाचं बोलावणं असो की सुपरवायझरला शिवी, सगळं ओठांवर. आणि यानंच पहिल्या खेळाला त्या सगळ्या जुन्या सोबत्यांना बोलावलं होतं.

हॉल भरला होता. पडद्यावर सर्जेरावचा भला मोठा चेहरा आला. पाटी आली, 'मालक, दया करा.' मागच्या रांगेत कारखान्यातला जुना सोबती बद्रीनाथ मोठ्यानं म्हणाला, "सुदर्शन्या, हलकटा." अख्खी रांग फुटली. हसू काही थांबेना, तेव्हा सुदर्शननं दिवे लावायला सांगितले आणि विचारलं, काय चाललंय.

बद्रीनाथ म्हणजे सरळ माणूस. उभा राहिला. "साहेब, त्यो तुमालाच बोलून राहिला. हलकट म्हनला, मेव्हन्याचा हमाल म्हनला. फक्त शेवटचं नाय कळलं. मह्या मायनं मला पानी पाजलं, पानी नाय, असं कायतरी. दोन्ही सारखंच दिसतंय."

सुदर्शन पांढरा पडला. त्यानं सर्जेरावला स्टेजवर बोलावलं, माइक हातात दिला आणि कानाशी म्हणाला, "सांग, असलं काही बोललो नाही म्हणून. नाहीतर पुढची भूमिका विसर."

एक 'नाही' म्हणायचं होतं. जन्मभर मागितलेलं भाषण त्या एका शब्दापलीकडं उभं होतं. सर्जेरावनं खाली बघितलं. मालनबाई पदर आवळून बसली होती.

"बद्रीनाथला शेवटचं कळलं नाय," सर्जेराव माइकमध्ये म्हणाला. "ते ओठांवर दिसत नसतं. म्हून तोंडानं सांगतो. मह्या मायनं मला पानी पाजलं. पाणी नाय पाजलं."

तो ण असा खणखणीत वाजला, जीभ टाळूला लावून, की मेव्हण्याच्या बापालाही जमला नसता. सुदर्शन सगळा राग विसरला.

"सर्जेराव, तुला ण येतो?"

"त्याच साली आला व्हता," सर्जेराव म्हणाला. जन्मभर ज्याला सर म्हटलं, त्याला तो पहिल्यांदा अरे-तुरे करत होता. "मशीनवर उभं राहून घोकला. तू परत इचारलंच नाय."