दोनशे वीस डिग्रीवरचे दाजी

जगात जे काही बिघडतं ते चुकीच्या तापमानामुळे बिघडतं, अशी ठाम श्रद्धा असलेला एकच माणूस माझ्या ओळखीचा आहे आणि तो नेमका माझा साडू निघाला. चहा फसो, कुणाचं ठरलेलं लग्न मोडो, सोसायटीच्या मीटिंगमध्ये भांडण होवो, सगळं ऐकून घेतल्यावर हे गृहस्थ चष्मा कपाळावर सरकवतात आणि म्हणतात, "कुठेतरी टेंपरेचर चुकलं." माझी बायको आपल्या थोरल्या बहिणीच्या या नवऱ्याला दाजी म्हणते, म्हणून मीही दाजीच म्हणतो. ते मला मास्तर म्हणतात. डोंबिवलीच्या शाळेत मी इतिहास शिकवायचो आणि इतिहासाला तापमान नसतं, त्यामुळे माझ्या नोकरीबद्दल त्यांना कायम थोडी दया वाटत आली आहे.

दाजींनी उभी हयात ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यात भट्टीपुढे काढली. पोलादाचे सुटे भाग तापवायचे, ठरलेला वेळ तापत ठेवायचे आणि मग तेलात किंवा पाण्यात बुडवून कडक करायचे, हे त्यांचं काम. निवृत्त होऊन वर्तकनगरच्या घरी बसले तरी भट्टी काही डोक्यातून उतरली नाही. आंघोळीचं पाणी कोपरानं तपासल्याशिवाय ते अंगावर घेत नाहीत. इडली उघडायची वेळ ते घड्याळात बघून सांगतात. आमच्या डोंबिवलीच्या घराची वास्तुशांत होती तेव्हा जेवणाची पहिली पंगत बसायला आली आणि दाजी गायब. शोधलं तर ते मागे आचाऱ्याच्या कढईवर तळहात धरून उभे होते. "अजून चाळीस सेकंद थांबा," असं त्यांनी त्या आचाऱ्याला सांगितलं आणि तो बापडा थांबलाही. त्या दिवशी एकही पुरी चपटी निघाली नाही. जाताना आचाऱ्यानं मला बाजूला घेऊन विचारलं, "ते काका कुठल्या कॅटरिंगला असतात?" हे मी दाजींना सांगितलं तेव्हा ते आठवडाभर खूश होते.

कारखान्यात तपासणीला आलेल्या प्रत्येक जॉबवर, म्हणजे सुट्या भागावर, तीनपैकी एक शेरा पडायचा. पास, रिवर्क किंवा रिजेक्ट. हे तीन शेरे दाजींनी घरी आणले आणि जेवणाच्या टेबलावर ठेवले. ताईंच्या, म्हणजे माझ्या त्या थोरल्या मेहुणीच्या, हाताला काय चव होती ते आमच्या सगळ्या गोतावळ्याला ठाऊक आहे. त्यांची पुरणपोळी खाऊन मी दोनदा डोळे मिटल्याचं माझ्या बायकोनं पाहिलं आहे आणि ती ते विसरलेली नाही. दाजी मात्र पोळीचा तुकडा मोडायचे, खिडकीच्या उजेडात धरायचे, कड आणि पोट सारखं भाजलंय का ते बघायचे, मग तोंडात टाकायचे आणि म्हणायचे, "पास." त्यापुढे एक अक्षर नाही. ताई पदरानं घाम पुसत हसायच्या. "चला, आज पास झाले." परतीच्या वाटेवर माझी बायको धुमसत असायची. "ताईच्या जागी मी असते तर पोळपाट त्यांच्या पुढ्यात ठेवला असता, म्हटलं असतं, तुम्हीच लाटा." मी खिडकीबाहेर बघायचो, कारण मी तर पासही म्हणत नव्हतो.

गेल्या वर्षी ताईंचा उजवा हात थरथरायला लागला. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या, घाबरण्यासारखं काही नाही म्हणाले, पण कंप काही गेला नाही. एकदा पाहुण्यांसमोर चहाचा कप बशीत वाजायला लागला आणि थोडा चहा सांडला. त्या दिवसापासून ताईंनी स्वयंपाकघरात जाणं सोडलं. पोळीभाजीला बाई लावली. ताई गॅलरीच्या दाराशी खुर्ची टाकून, उजवा हात पदराखाली घेऊन बसायच्या. चमच्यातलं वरण तोंडापर्यंत जाईतो निम्मं सांडतं म्हणून चारचौघांत जेवायच्या नाहीत, आणि एकट्या असल्या की विसरल्यासारखं करायच्या. बघता बघता बांगड्या कोपरापर्यंत सरकायला लागल्या. दाजी फोनवर मला एवढंच म्हणाले, "मास्तर, ही जेवत नाही." त्यात तापमानाचा उल्लेख नव्हता, तेव्हाच प्रकरण साधं नाही हे मी ओळखलं.

मग दोघं पुण्याला लेकीकडे गेले. तिनं जेवणात एक नवाच प्रकार केला होता. फ्लॉवरचे तुरे तेल, मिरपूड, लसूण लावून ओव्हनमध्ये भाजलेले आणि वर किसलेलं चीज भुरभुरून पुन्हा खरपूस केलेले. तुरा दोन बोटांत धरून उचलता येतो, सांडायला त्यात काही नसतं. ताईंनी एक उचलला, मग दुसरा, आणि मग चक्क वाटी पुढे केली. दाजी आपलं जेवण थांबवून ते बघत राहिले. ठाण्याला परतल्याच्या दुसऱ्या दिवशी त्यांच्या ओट्यावर ओव्हन आला होता. दर रविवारी हा फ्लॉवर करायचा आणि ताईंना पोटभर खाऊ घालायचा, एवढा एकच विचार त्यांच्या डोक्यात होता.

पहिल्या रविवारी आम्ही दोघं मुद्दाम गेलो. दाजींनी आयुष्यात कधी भाजी चिरली नव्हती, पण तुरे त्यांनी असे कापले की एकाला झाकावं नि दुसऱ्याला काढावं. दोनशे वीस डिग्री, पंचवीस मिनिटं. ट्रे बाहेर आला तेव्हा घरभर सुरेख वास सुटला. आणि आम्ही बघतोय तोवर दाजींनी चिमट्यानं एकेक गरम तुरा उचलून शेजारच्या गार पाण्याच्या पातेल्यात सोडायला सुरुवात केली. चर्र, चर्र, चर्र. सगळा फ्लॉवर बुडाल्यावर त्यांचा हात थांबला. माझी बायको म्हणाली, "दाजी, हे काय केलंत?" पातेल्यात बघत ते हळूच म्हणाले, "सवय." गॅलरीतून ताईंचा आवाज आला, "रिजेक्ट." मान न वळवता, नुसत्या चर्र आवाजावरून त्यांना सगळं कळलं होतं.

त्यानंतर दाजी हट्टालाच पेटले. ओव्हनचं बटण खोटं बोलतं असा त्यांना संशय होता. जुन्या कारखान्यातल्या मित्राकडून तापमापक आणून त्यांनी सिद्ध केलं की मागचा डावा कोपरा इतरांपेक्षा वीस डिग्री जास्त तापतो. मग दर सहा मिनिटांनी ट्रे फिरवायचा नियम झाला. भिंतीवर तक्ता लागला, त्यात तारीख, तापमान, वेळ आणि शेवटच्या रकान्यात ताईंचा शेरा. वर्तकनगरचा फ्लॉवर एकसारखा नसतो म्हणून ते भल्या सकाळी कल्याणच्या घाऊक बाजारात जायचे, आणि कधी मला डोंबिवलीहून बोलावून घ्यायचे. पिशवीत एक लोखंडी कडं असायचं. त्यातून जो गड्डा जेमतेम जाईल तोच घ्यायचा. एक भाजीवाला बराच वेळ हे बघत होता. शेवटी म्हणाला, "ओ काका, फ्लॉवर घेताय का त्याला बांगड्या भरताय?" दाजींनी शांतपणे त्यालाच समजावलं की सगळे जॉब एका मापाचे नसले तर भट्टी काय करणार. त्यानं मग आपण होऊन तीन गड्डे निवडून दिले आणि तिन्ही कड्यातून गेले.

एवढं करून अडत होतं ते चीजवर. दाजींची बोटं जाड, आणि भट्टीवाल्याचे हात कायम गरम. किसलेलं चीज त्यांच्या चिमटीत गोळा व्हायचं. एका तुऱ्यावर ढेकूळ पडून करपायचं, शेजारचा कोरडा राहायचा. चमच्यानं टाकून पाहिलं, गाळणीनं टाकून पाहिलं. दर रविवारी ताई एक तुरा उचलायच्या, उजेडात धरायच्या आणि म्हणायच्या, "एकीकडे जळलंय, एकीकडे उघडं आहे. रिवर्क." चाळीस वर्षांचा हिशेब त्या मजेत चुकता करत होत्या, हे कुणालाही कळलं असतं. पण दोनतीन तुऱ्यांपुढे त्या जात नव्हत्या आणि बांगड्या तिथेच होत्या.

चार महिने असे गेले. एका रविवारी आम्ही पोचलो तेव्हा दाजी ओव्हनसमोर स्टुलावर बसले होते. तुरे भाजून बाहेर आलेले, चीजची वाटी हातात तशीच. त्या सकाळी त्यांनी एक ट्रे आधीच करपवला होता. "मास्तर, हा जॉब आपल्याच्यानं होत नाही," ते म्हणाले. "ओव्हन देऊन टाकतो कुणाला तरी." त्यांना हार मानताना मी कधी पाहिलं नव्हतं.

गॅलरीतली खुर्ची सरकली. ताई आत आल्या, वर्षभरात पहिल्यांदा ओट्यापाशी उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "आणा ती वाटी इकडे." पदराखालचा हात त्यांनी बाहेर काढला. तो कापत होता. माझी नजर मी नळाकडे वळवली, पण राहवलं नाही, पुन्हा पाहिलंच. त्यांनी चिमूटभर चीज घेतलं, ट्रेवर हात धरला आणि चीज आपोआप झडायला लागलं, चाळणीतून पीठ पडावं तसं. ताई नुसता हात इकडून तिकडे नेत होत्या. "याला आता काही शिकवावं लागत नाही," त्या म्हणाल्या आणि हसल्या. आपल्या हाताबद्दल वर्षभरात त्या पहिल्यांदा काही बोलल्या होत्या.

आठ मिनिटांनी ट्रे बाहेर आला. कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत एकच सोनेरी रंग. दाजींनी एक तुरा उचलला, सवयीनं खिडकीच्या उजेडात धरला, फिरवून पाहिला आणि तोंडात टाकला. बराच वेळ चावत राहिले.

"काय हो?" ताईंनी विचारलं. "पास?"

"नाही," दाजी म्हणाले. दाजींनी चष्मा काढून सदऱ्याला पुसला. "छान झालंय," ते म्हणाले. "फार छान झालंय गं."

ताईंनी चीजची वाटी बाजूला ठेवली. मग म्हणाल्या, "माझ्या पुरणपोळ्या संपल्यावर सुचलं होय तुम्हाला?"

दाजींनी मान खाली घातली. "तापायला वेळ लागला," ते म्हणाले.

ताईंनी त्या दिवशी नऊ तुरे खाल्ले, आमच्या सगळ्यांसमोर बसून. मी मोजले, आणि दाजींनी ते तक्त्यात लिहिले. आता दर रविवारी दोघं मिळून करतात. तक्त्यात चीजचा वेगळा रकाना आहे आणि त्यात दर वेळी 'ही' एवढंच लिहिलेलं असतं. शेऱ्याचा रकाना दाजींनी खोडून टाकला आहे. पुरणपोळीचा विषय मात्र त्या घरात कुणी काढत नाही.

त्या दिवशी डोंबिवलीला परतल्यावर बायकोनं घाईघाईनं आमटीभात केला. दोन घास खाल्ल्यावर मी धीर करून म्हटलं, "आमटी छान झालीय." ती ताटावरून उठली आणि ताप आहे का ते बघायला तिनं माझ्या कपाळावर हात ठेवला. हात अगदी स्थिर होता. मी तो थोडा वेळ तिथेच राहू दिला.