माझा रूममेट आणि खोटं बॉक्सिंग

माझ्या रूममेटइतका संशयी माणूस आखातातल्या या अख्ख्या मेसईद शहरात सापडणार नाही. कंपनीच्या मेसमधल्या आमटीकडेही तो फितूर साक्षीदाराकडे बघावं तसा बघतो. कराडकडचा वेल्डर, एके काळचा पैलवान. मूकपटांच्या जमान्यातल्या बॉक्सिंगच्या फिल्मा मोबाईलवर बघणं हा त्याचा एकमेव शौक. त्या काळी खऱ्या सामन्याचं चित्रीकरण जमलं नाही, की काही मंडळी दोन भाडोत्री गडी उभे करून, वर्तमानपत्रातल्या वर्णनाबरहुकूम तोच सामना पुन्हा खेळवायची आणि खरा म्हणून दाखवायची. हे कळल्यापासून त्याचा जगावरचा विश्वासच उडाला. फिल्म थांबवून तो मला दाखवायचा, ठोसा बसायच्या आधीच गडी पडायला जागा बघतोय, मागचं पब्लिक कॅमेऱ्याकडे बघतंय. मग हाच न्याय सगळ्यांना. फोरमनने कामाची तारीफ केली, तर आठवडाभर त्यामागचा डाव शोधत बसला. ‘द पर्ल’ नावाच्या बेटावर फिरायला नेलं, तर ते समुद्रात भर घालून माणसाने बनवलेलं आहे हे ऐकताच “वाटलंच मला” म्हणून थेट बसस्टॉपकडे निघाला.

एका शुक्रवारी घरून व्हिडिओ कॉल आला. त्याचे वडील, आबा, अंगणात खुर्चीवर इस्त्रीच्या सदऱ्यात बसून हात हलवत होते. सगळं ठीक आहे, असं मागून त्याची बायको सांगत होती. फोन ठेवून तो माझ्याकडे वळला.

“आबा तोंडावर ऊन घेऊन कधी बसत न्हाईत,” तो म्हणाला. “कुणीतरी बसवलंय त्यांना. आन् बोलले का एक शब्द?”

घरच्यांना तरी तुझ्या संशयातून सोड, असं मी म्हणालो. त्याने पुन्हा फोन लावला. बायको आधी टाळत राहिली, मग रडली. आबांना अर्धांगवायूचा झटका येऊन वाचा गेली होती. पोराने परमुलखात काळजी करू नये, म्हणून आबांनीच खुणेने सदरा मागून घेतला होता, खुर्ची बाहेर मांडायला लावली होती.

तो रजा काढून गावी गेला, आबांना स्वतःच्या हाताने अंघोळ घालून, भरवून परत आला. त्या लपवाछपवीबद्दल घरी अवाक्षर काढलं नाही, म्हणाला.

परवा तो तापाने फणफणला होता. घरच्या व्हिडिओ कॉलची वेळ झाली तसा उठला, तोंड धुतलं, भांग पाडला. पाठीशी उशी लावायला सांगून मला बाजूला व्हायची खूण केली.

“झकास हाय आबा,” तो हसून म्हणाला. “आत्ताच जेवलो.”

आबा बराच वेळ त्याला निरखत राहिले. मग त्यांनी हळूच मान डोलावली.