बंड्या नवीन घर शिकला तेव्हा...

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीची गोष्ट. एका रविवारी आम्ही सिल्वासातली डोकमर्डीची खोली सोडून गलोंड्याला राहायला गेलो. एका टेम्पोत मावेल एवढाच संसार... आमच्या दोन मुली, मी, आमचे हे, आणि गाद्यांच्या ढिगावर ऐटीत बसलेला आमचा कुत्रा, बंड्या.

आम्ही मूळचे अमळनेरकडचे. हे सिल्वासात एका कारखान्यात ऑपरेटर होते. त्या वर्षी मशीनमध्ये यांचा उजवा हात सापडला आणि अंगठा सोडून चारही बोटं गेली. बरं झाल्यावर गलोंड्याच्या एका युनिटमध्ये गेटवर बसायचं काम मिळालं, म्हणून हे घर बदलणं.

सामान आत लावून झाल्यावर बंड्याला टेम्पोतून सोडलं, तसा तो धावत नवीन खोलीत शिरला आणि धाडकन समोरच्या भिंतीवर आपटला. मुली हसल्या. तो वळला, तर कॉटच्या पायावर... मग पाण्याच्या पिंपावर. आता कोणी हसेना.

ह्यांनी त्याला जवळ घेतलं आणि डावा हात त्याच्या डोळ्यांसमोर हलवला. त्याची पापणीसुद्धा लवली नाही.

दुसऱ्या दिवशी जनावरांच्या डॉक्टरांकडे नेलं. ते म्हणाले, "नजर पूर्ण गेलीय. आजकालची नाही, वर्ष तरी झालं असेल."

माझा विश्वासच बसेना. डोकमर्डीला हा रोज संध्याकाळी ह्यांना घ्यायला बस थांबायची तिथपर्यंत पळत जायचा... चहाच्या टपरीला वळसा घालून, गटारावरून उडी मारून! एवढं सगळं न बघता? आणि एका घरात राहून आम्हाला पत्ता नाही.

निघताना डॉक्टर म्हणाले, "उचलून फिरवू नका हं त्याला. सामान आहे तिथेच ठेवा. बाकीचं तो बघून घेईल."

आणि खरंच, मग जे सुरू झालं ते मी आजही विसरलेले नाही. सकाळी उठला की बंड्या भिंतीला मिशा घासत घासत निघायचा. आपटला की थांबायचा, ती जागा नीट हुंगायचा, थोडा वळून पुन्हा पुढे. रुसणं नाही, कोपऱ्यात जाऊन बसणं नाही... उलट वाट सापडली की शेपूट हलायची. जणू घर त्याच्याशी बोलत होतं आणि तो ऐकत होता.

त्या दिवसांत आमच्या घरात एक गोष्ट कोणी बोलत नव्हतं. हे आमच्यासोबत जेवत नसत. ताट घेऊन मागच्या दारी जायचे, पाठ करून बसायचे आणि डाव्या हाताने कसंबसं चार घास खायचे. पुतण्याच्या लग्नालासुद्धा आले नाहीत. पंगतीत डावा हात ताटात घालायचा, या विचारानेच त्यांना घाम फुटायचा.

मी समजावून थकले होते. शेवटी शेवटी तर भीती वाटायला लागली होती... हा माणूस असाच आत आत मिटत जाणार की काय.

आमच्या दाराला तीन पायऱ्या होत्या. घर पाठ झाल्यावर बंड्याने एके सकाळी त्या पायऱ्या शिकायला घेतल्या. कडेला उभा राहून पंजा खाली सोडला, चाचपडला... आणि कोलमडत अंगणात पडला. अंगणात खेळणारी पोरं खो खो हसली.

हे कॉटवरून ताडकन उठले, उचलायला दारापर्यंत गेले. मग काय वाटलं कोण जाणे, तिथेच थांबले. बंड्या उठला, अंग झटकलं आणि पोरं हसत होती त्या दिशेला तोंड करून शेपूट हलवली. मग हुंगत हुंगत पायऱ्या चढून वर आला... आणि पुन्हा उतरायला लागला.

हे उंबऱ्यात बसून ते बघत राहिले. बराच वेळ. मग मला म्हणाले, "अगं, याला पडल्याची लाजच वाटत नाही गं."



त्याच आठवड्यात शेजारच्या हंसाबेनकडे पूजा होती. संध्याकाळी अंगणात पंगत बसली, आम्ही बायका वाढत होतो. ह्यांच्यासाठी घरी न्यायला मी नेहमीसारखं ताट वाढून झाकून ठेवलं होतं.

मान वर केली तर हे समोर उभे. स्वच्छ शर्ट घालून, केस विंचरून. हंसाबेन लगबगीने म्हणाल्या, "आवो आवो भाई, बेसो ने!" आणि हे खरंच बसले... पंगतीच्या बरोबर मध्ये.

पहिल्याच घासाला वरण शर्टावर सांडलं. समोरची एक चिमुरडी मोठ्याने म्हणाली, "काका डाव्या हाताने जेवतात!" माझ्या हातातली कढीची पळी तशीच राहिली.

हे तिच्याकडे बघून हसले. म्हणाले, "हो बाळा, नवीनच शिकतोय. अजून सांडतं." आणि मग माझ्याकडे वळून, "वाढ ना कढी, बघतेस काय!"

मी कढी वाढली, पण वाटी कुठे आणि धार कुठे, मला डोळ्यांतल्या पाण्याने काही दिसत नव्हतं.

पुढे हे डाव्या हाताने लिहायलाही शिकले. थोरलीच्या लग्नाच्या पत्रिकांवरचे पत्ते त्यांनीच लिहिले... अक्षर जरा तिरकं, पण प्रत्येक पत्रिका पोहोचली.

आता हे नाहीत, बंड्या तर कधीच गेला. त्या मुक्या जिवाने कोणाला काही शिकवायचं म्हणून केलं नव्हतं हो, त्याला फक्त अंगणात जायचं होतं. पण त्याने माझा माणूस मला परत आणून दिला... आणि त्याचे आभार कसे मानायचे, ते मला अजूनही कळलेलं नाही.