समोरच्या घरी ठेवलेलं मशीन

नालासोपाऱ्याला आमच्या बिल्डिंगमध्ये एक रीतच पडून गेली होती. कुणाकडे कोर्टाची जप्ती येणार असं कळलं की त्या घरातलं सामान आदल्या दिवशी शेजाऱ्यांकडे पांगायचं. फ्रिज एकाकडे, मिक्सर दुसऱ्याकडे. बेलिफ यायचा, रिकाम्या भिंती बघून परत जायचा. निम्म्या घरांतले पगार बंद पडलेले, तेव्हा आज तुमची पाळी, उद्या आमची.

आमची पाळी आली तेव्हा मी दहावीत होते. बाबांची कंपनी बंद पडली, पतपेढीचे हप्ते थकले आणि पतपेढीने कोर्टातून हुकूमनामा आणला. घर चालत होतं ते आईच्या शिलाई मशीनवर. ते गेलं की चूल विझली, इतकं सरळ होतं. त्यामुळे आईचा कुणावर म्हणून विश्वास उरला नव्हता. तळमजल्यावरची चुगली करेल, वरचा मशीन विकून खाईल, दूधवाला हल्ली चौकश्याच फार करतो! मीही काही कमी नव्हते, तिच्याच तालमीतली.

अशात समोरच्या दारातले काका आले. "वहिनी, मशीन आमच्याकडे ठेवा. निर्धास्त राहा." काका बाबांच्या कर्जाला जामीन राहिले होते, म्हणजे घरचेच. पण न बोलावता आले, हे मला खटकलं. तसं म्हटलं तर आई उसळली, "सगळ्यांवरच संशय घेतलास तर मरताना तोंडात पाणी कोण घालेल गं?" मशीन गेलं समोर.

दुसऱ्या दिवशी बेलिफ दोन पंचांना घेऊन आला. बाबा सकाळीच बाहेर पडले होते, त्यांना हे बघवलं नसतं. बेलिफ वयस्कर होता, आवाज अगदी मऊ. त्याने खाट बघितली, भांडी बघितली, कशालाच हात लावला नाही. मग कोपऱ्यातल्या चिंध्या दिसल्या.

"ताई, शिवणकाम करता का? मशीन असेल तर सांगा. पोटापाण्याचं हत्यार आम्ही उचलत नाही, कायदाच आहे तसा."

मेला, केवढं गोड बोलतो! आईने माझ्याकडे बघितलं, मी आईकडे. हा गळ टाकतोय, दोघींनाही हेच वाटलं.

"मशीन? कसलं मशीन?" आई म्हणाली. "चिंध्या पुसायला आणल्यात."

त्याने तसं लिहून घेतलं, खाली आईची सही घेतली आणि बाहेर पडून समोरची बेल वाजवली. हुकूमनामा जामीनदारावरही निघतो, हे आम्हाला कुठलं ठाऊक!

दार उघडलं, तर मशीन समोरच ठेवलेलं. आई धावली. "अहो, ते माझं आहे! माझं पोट आहे त्याच्यावर!"

"मी विचारलं होतं ना, ताई?" बेलिफ म्हणाला आणि तिच्याच सहीचा कागद त्याने पुढे धरला. पंचांनी मशीन जिन्यावरून खाली नेलं. आई कठडा धरून उभी राहिली. मला त्या बेलिफाला ओरबाडावंसं वाटत होतं.

संध्याकाळी समोरच्या काकू भाजी-भाकरी घेऊन आल्या, डोळे पुसत. मला दुपारी त्यांच्या घरात ना टीव्ही दिसला होता, ना फ्रिज. मी विचारलंच, "काकू, तुमचं सामान कुठंय?"

"कामणला, बहिणीकडे. मागच्याच आठवड्यात आम्हालाही नोटीस आली, तेव्हाच..." आणि काकूंनी जीभ चावली.

आईने ताटावरचा रुमालसुद्धा उचलला नाही. ताट तसंच त्यांच्या हातात परत दिलं आणि दार लावून घेतलं.