मुलाण्याच्या पोराला उन्हात बसवलं तेव्हा

आमच्या गावानं एका सोळा वर्षांच्या पोराला रक्तपित्या ठरवलं. त्या गोष्टीला आता जन्म उलटला, तरी आठवलं की माझं डोकं फिरतं.

तो मुलाण्याचा पोरगा. जन्मापासून पांढराफटक, केस, भुवया, पापण्यासुद्धा मक्याच्या कणसाच्या केसांसारख्या. उन्हात डोळे उघडत नसत, कातडी भाजायची, म्हणून दिवसा घरात आणि दिवेलागणीला बाहेर. एवढ्यावर गाव म्हणायला लागलं, हा माणसांचं रक्त पितो. बापानं कापलेली बकरी मात्र सगळ्यांना चालायची. पिराच्या कंदुरीला बकरं कापलं की आमचेच लोक रक्त धरायला पातेली घेऊन पुढं, आणि कांद्यावर परतलेली रक्ती मिटक्या मारत खाणार. मुलाण्याच्या घरात रक्त हराम, थेंबसुद्धा चालत नाही. मेल्यांना हे चांगलं ठाऊक होतं!

मी पंधराची. लढाईचे दिवस, धान्याची ओढाताण. आधी पुरुष जेवायचे, मग भाऊ, उरलं तर आम्ही. त्यात मला हिवताप. एकदा संध्याकाळी विहिरीवर पोहरा ओढताना घेरी आली, तेव्हा दोर त्यानं धरला.

"तू बस. मला अंधारात चांगलं दिसतंय," म्हणाला आणि घागर भरताना अर्धं पाणी माझ्या पायांवर ओतलं.

मला हसू आवरेना. "चांगलं दिसतंय व्हय रं?"

"तू दिसतीस की."

बास. मग मी रोज दिवेलागणीलाच पाण्याला जाऊ लागले. आवडायचा मला तो, सरळ सांगते. माझा चेहरा बघून तो त्याच्या आईनं भाजलेली कलेजी पळसाच्या पानात बांधून आणायचा. "खा, रगात वाढतंय," म्हणायचा आणि मी संपवेपर्यंत हलायचा नाही. एके दिवशी चुलतीनं आम्हाला विहिरीवर तसं बघितलं.

दुसऱ्या दिवशी घरी देवऋषी हजर. त्यानं माझ्या डोळ्याची पापणी खाली ओढली आणि म्हणाला, "पोरीचं रगात कुनीतरी वडतंय." चुलतीनं लगेच मुलाण्याच्या पोराचं नाव घेतलं.

मी ओरडले, "मला पोटभर भाकरी द्या, मग बघा!"

"ऐका, त्योच बोलतोय तिच्या तोंडानं," देवऋषी म्हणाला. कपाळ!

मग ठरलं की पोराला चैत्राच्या उन्हात चावडीपुढं बसवायचं. रक्तपित्या असला तर करपेल, नसला तर सुटेल. अरे, त्याची कातडी उन्हात भाजते हे तो रांगत होता तेव्हापासून बघत होता ना तुम्ही? बिचारा बाप हात जोडून सांगत होता, "पाटील, त्येला ऊन सोसत न्हाई, जन्मापासनं."

"मंग आमी तेच म्हनतोय," पाटील म्हणाले.

मी घरातून पळत सुटले आणि माझा पदर त्याच्या डोक्यावर धरला. त्याचे डोळे गच्च मिटलेले होते. "जा तू," म्हणाला, "घेरी यील तुला." माझ्या वडिलांनी दंडाला धरून मला फरफटत घरी नेलं. ऊन कलेपर्यंत त्याच्या मानेवर, हातांवर टरारून फोड आले. गावाला तेवढं पुरलं. मुलाण्यानं त्याच दिवशी गाडी जुंपली, पोराला घोंगडीखाली झाकलं आणि बिऱ्हाड घेऊन नगरची वाट धरली. तो मला पुन्हा कधी दिसला नाही.

मला घाईघाईनं उजवून टाकलं. सासरीही तोच हिवताप, तेच उरलंसुरलं जेवण, वर एकामागून एक बाळंतपणं. मी होते त्याहून पांढरी पडले. एकदा अंगणात चक्कर येऊन कोसळले, तर सासू म्हणाली, "बायामानसाला व्हतंच." तिथं कुणी देवऋषी बोलावला नाही. माझं रक्त कोण पितंय म्हणून त्या घरातल्या कुणाला उन्हात बसवलं नाही.